कोऱ्या ओळीची कहाणी

ऐका कोरीआई, तुमची कहाणी.

आटपाट एक नगर, मोजून बावन्न चौकटींचं. एवढंसंच? हो, एवढंसंच. राजाची एक, पाटलाची एक, तेल्याची एक, कुंभाराची एक, अशा सगळ्या मिळून बावन्न. पण त्या नगरात एक नवल होतं. कुठल्याच घराला दार नव्हतं. कडी नव्हती, कोयंडा नव्हता, कुलूप नव्हतं. नुसती लाकडाची चौकट, आणि चौकटीवर घरातल्या माणसांची नावं. ज्याचं नाव चौकटीवर, तो आत जाई. ज्याचं नाव नाही, त्याला चौकट अडवी. वाघ आला, अडला. चोर आला, अडला. पटकीची साथ आली, तीसुद्धा पायरीवर बसून दमली आणि निघून गेली.

ही नावं लिहिणारे ते चौकटकर. त्यांचं एकच घराणं. त्यांची शाई तिळाच्या तेलाच्या काजळाची, बाभळीच्या डिंकाची, त्यात सात उंबऱ्यांची माती. सात दिवस घोटायची, घोटताना बोलायचं नाही. मग बोरूनं लिहायचं. लिहिलेलं पावसानं जात नसे, उन्हानं विटत नसे. माणूस मेलं, की त्याचं नाव पापुद्र्यासारखं आपोआप गळे. नाहीतर माणसानं स्वतः चौकटीला हात लावून तीनदा म्हणावं, "माझं नाव उतरव," की उतरे. पण असं कोण म्हणेल? आजवर कोणी म्हटलं नव्हतं.

मग पाहुण्यानं काय करावं? नव्या सुनेनं काय करावं? आजोळी जन्मलेल्या बाळानं काय करावं? त्यासाठी कोरीआईचा वसा होता. दसऱ्याला चौकट धुवावी, पुसावी, नावं गिरवावी, आणि सगळ्यांत खालची ओळ कोरी ठेवावी. तिला हळदकुंकू वाहावं, तिच्याखाली गरम भाकरी ठेवावी, घरच्या बाईनं तीनदा म्हणावं, "कोण यायचं ते या." ती ओळ कोरीआईची. घरच्यांनी "ये" म्हटलं, की येणारा त्या ओळीतून आत येई. ओळ एक, माणूस एक. पाहुणा परत गेला, की ओळ पुन्हा मोकळी. राहणारा आला, की चौकटकरानं त्याचं नाव लिहावं आणि खाली दुसरी ओळ मोकळी सोडावी. एवढा सोपा वसा.

त्या घराण्यात अनसाबाई नावाची बाई होती. नवरा गेल्यावर बोरू तिच्या हाती आला. घरात मुलगा धोंडू, सून केवडा. केवडा पहिल्या बाळंतपणाला माहेरी गेलेली. अनसाबाईचं अक्षर असं, की वाचता न येणारा माणूसही दोन घटका थांबून पाही. गाडीवान बैल थांबवीत. भिकारी भीक मागायचं विसरत.

एका दसऱ्याला ती राजवाड्याची चौकट गिरवून उतरली. राणी पाहायला आली. वरून पाहिलं, खालून पाहिलं, मग म्हणाली, "अनसाबाई, सगळं छान, पण खाली हे भगदाड कसलं? शाई संपली, का हात दमला?"

दासी फिसकन हसल्या.

अनसाबाई म्हणाली, "राणीसाहेब, ती कोरीआईची ओळ."

"येते का ती कधी? तू पाहिलीस?"

अनसाबाईनं त्या ओळीकडे पाहिलं. तिनं तरी कुठं पाहिली होती? सासूनं सांगितलं, सासूला तिच्या सासूनं सांगितलं. आणि खरं सांगायचं, तर ती मोकळी जागा तिलाही खुपत असे. एवढं रेखीव लिहावं आणि खाली दात पडल्यासारखी फट ठेवावी! मग तिनं बोरू उचलला. मोकळ्या ओळीत एक वेल काढली. वेलीला पानं काढली, पानांत फूल काढलं, फुलावर पाखरू काढलं. राणीनं टाळ्या पिटल्या. गळ्यातली माळ काढून तिच्या गळ्यात घातली.

मग काय झालं? नगरभर झालं. पाटलीण म्हणाली, मला वेल पाहिजे. तेलीण म्हणाली, मला पाटलिणीहून मोठी पाहिजे. कुंभारीण म्हणाली, माझ्या पाखराला तुरा पाहिजे. चौकटीमागून चौकट भरली. शेवटी अनसाबाईनं स्वतःची भरली. बावन्न चौकटी, बावन्न वेली. कोणी भाकरी ठेवली नाही. कोणी "या" म्हटलं नाही.

घरची वेल काढून ती मागे वळली, तर एक म्हातारी उभी. अंगावर पांढरं लुगडं, त्याला काठ नाही, पदर नाही, डाग नाही.

म्हातारी म्हणाली, "बाई, भाकरी कुठं ठेवलीस?"

"कसली भाकरी?"

"ओळीखालची."

"आजी, ओळच नाही, तर भाकरी कुठली? पुढच्या घरी जा."

"पुढच्या घरी वेल आहे."

"मग त्याच्या पुढच्या."

"तिथंही आहे. एक्कावन्न पायऱ्या चढले, एक्कावन्न उतरले. ही बावन्नावी."

"मग मी काय करू, आजी? माझा हात दुखतोय. उद्या या."

म्हातारी रागावली नाही, ओरडली नाही. चौकटीकडे पाहून म्हणाली, "पाखरू छान काढलंस. माझ्या जागेवर बसलंय, एवढंच." आणि निघून गेली. अनसाबाईच्या कानात 'छान काढलंस' एवढंच राहिलं.

होतां होतां दिवाळी आली. तेलिणीचा भाऊ भाऊबीजेला आला. तेलिणीनं आतून म्हटलं, "ये रे दादा." दादा पुढे झाला आणि कपाळ धरून मागे आला.

"अगं, दार लावलंस की काय?"

"आपल्याकडे दार कुठंय! नीट ये."

नीट आला, नाक आपटलं. पाठमोरा आला, पाठ आपटली. शेजारच्या बाया पोट धरधरून हसल्या. म्हणाल्या, ओवाळणी चुकवायला नाटक करतोय. भावानं पायरीवर बसून ओवाळून घेतलं, लाडू पायरीवरच खाल्ले, आणि गेला. कोणी मनावर घेतलं नाही.

मग मार्गशीर्ष आला. पाटलाच्या मुलाचं लग्न झालं. वरात दारी आली, वाजंत्री वाजली. उंबऱ्यावर तांदळाचं माप ठेवलं. नवरीनं उजव्या पायानं माप लवंडलं. तांदूळ आत सांडले. नवरीनं पाऊल उचललं, आणि पाऊल तिथंच राहिलं. अधांतरी. पैंजण थरथरतंय, पाऊल पुढे जात नाही.

पाटलीण म्हणाली, "सूनबाई, नखरे पुरे. टाका पाऊल."

नवरी म्हणाली, "टाकतेच आहे हो आत्याबाई. पडत नाही."

वाजंत्री एकेक करून थांबली. कोणी हसलं नाही. सगळ्यांनी चौकटीकडे पाहिलं. चौकटीवर वेल, वेलीवर पाखरू. खाली बोटभर जागा नाही.

अनसाबाईला बोलावणं गेलं. ती बोरू घेऊन धावत आली. वेलीवरच नवरीचं नाव लिहायला गेली, तर अळवाच्या पानावरून पाणी ओघळावं तशी शाई ओघळली. पुन्हा लिहिलं, पुन्हा ओघळली. तिसऱ्यांदा लिहिलं, शाई उडून तिच्याच लुगड्यावर पडली. असं कधी झालं नव्हतं. तिच्या हातानं तिला कधी फसवलं नव्हतं. सुतार आला, म्हणाला, चौकटच कापू. करवतीचे दात मोडले. मग अनसाबाई म्हणाली, "बघते, बघते, काहीतरी करते," आणि खाली मान घालून घरी आली. आपण काय केलंय, हे तिला थोडं थोडं कळत होतं. पण ते पुरतं कळू द्यायची तिची छाती होईना.

नऊ दिवस गेले. नवरा आत, नवरी मांडवात. दहाव्या दिवशी सकाळी पाटलाचे वडील भिकाजीआजोबा चौकटीपाशी येऊन बसले. वय ऐंशीवर दोन, थट्टेची खोड. म्हणाले, "एवढी काय काळजी करता? ओळच पाहिजे ना? माझं नाव उतरवतो, पोरीला घ्या आत." म्हणाले आणि हसले.

आणि थांबले.

पाटलानं जमिनीकडे पाहिलं. पाटलिणीनं पदर सारखा केला. नातवानं मांडवाकडे पाहिलं. कोणी "नको" म्हटलं नाही. आजोबांनी पुन्हा सगळ्यांची तोंडं पाहिली. एकदा पाहिली, दोनदा पाहिली, तीनदा पाहिली. कोणीच "नको" म्हटलं नाही. त्यांचं हसू ओठांवरच वाळलं. मग ते उठले, चौकटीला हात लावला, तीनदा म्हणाले. नाव सुटून त्यांच्याच पायांशी पडलं, आणि मागून कोणी हळूच लोटावं तसे आजोबा बाहेर पायरीवर आले. नवरी आत गेली. रडत गेली. नातवानं आतून घोंगडी आणून आजोबांच्या हातात दिली, तीही हात लांब करून.

ही गोष्ट नगरात पसरली. आता कोणाकडे सून आली होती, कोणाकडे जावई, कोणाकडे सासरनं टाकलेली लेक, कोणाकडे बाळ. सगळी बाहेर अडकलेली. पाटलाकडे जमलं, मग आपल्याकडे का जमू नये? कोणी उघड मागितलं नाही. जेवताना कोणी उसासा टाकला. कोणी म्हाताऱ्यांच्या देखत बाहेरच्या थंडीची गोष्ट काढली. कोणी नुसतं गप्प बसलं. कुंभाराच्या आजीनं नाव उतरवलं. तेल्याच्या आत्यानं उतरवलं. ज्या दाईनं राणीला अंगावर पाजलं, तिनं उतरवलं. पौष लागला. पायरीपायरीवर एकेक म्हातारं माणूस बसलेलं, शेजारी एक गाठोडं.

एके सकाळी अनसाबाई त्या आळीतून चालली होती. पाहिलं आणि ती थांबली. या पायरीवर एक, त्या पायरीवर एक. ओळखीची माणसं. जिनं तिला न्हाऊ घातलं ती, जिनं तिच्या लग्नात गाणी म्हटली ती. कोणी शिवी दिली नाही. भिकाजीआजोबांनी मात्र हाक मारली, "अनसे, तुझी वेल भारी देखणी गं! आत होतो तेव्हा कधी नीट पाहिली नव्हती. इथून फार छान दिसते."

अनसाबाई तिथून मागे फिरली.  तशीच घरी आली, तर दारात गाडी उभी. माहेराहून केवडा आली होती. हातांवर तीन महिन्यांची मुलगी, टोपड्यात झोपलेली.

"केवडा, थांब गं!" अनसाबाई ओरडली.

पण धोंडू आतून म्हणाला, "ये." आणि केवडा आत आली. केवडा आत आली आणि तिचे हात बाहेर राहिले. हातांवर बाळ. मध्ये भिंत नव्हती, पडदा नव्हता, काही नव्हतं. नुसती हवा, आणि हवेत अडलेलं बाळ. बाळ झोपेतच होतं. केवडानं आत ओढलं, बाळ येईना. तिनं सासूकडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं, हातांकडे पाहिलं. किंकाळी फुटायला हवी होती, फुटली नाही. ती हळूच बाहेर आली आणि बाळाला उराशी धरून पायरीवर बसली. दोन दिवस तिथंच बसली. बाळाला खोकला झाला.

अनसाबाईनं काय केलं? चिंच आणि राख घेऊन वेल घासली. हाताची सालं निघाली, वेल निघाली नाही. मग कोयता घेऊन खरवडली. कोयत्याची धार गेली, वेल गेली नाही. मग तिनं धोंडूकडे पाहिलं. धोंडू तिच्याकडेच पाहत होता. तिनं पाहिल्याबरोबर त्यानं मान फिरवली. आपला पोटचा पोर! अनसाबाईला वाटलं, आपण चुकीचं पाहिलं असेल. पुन्हा पाहिलं. त्यानं पुन्हा मान फिरवली. मग ती उठली, चौकटीला हात लावला, म्हणाली, "माझं नाव उतरव." दुसऱ्यांदा म्हणाली, "माझं नाव उतरव." तिसऱ्यांदा तोंड उघडलं, तोच केवडानं उठून तिच्या तोंडावर हात ठेवला.

"आत्याबाई, गप्प बसा."

"सोड गं. लेकरू गारठतंय."

"दिसतंय मला. पण तुमच्या जागेवर माझी लेक आत जायची नाही. मोठी झाली आणि तिनं विचारलं, आजी कुठंय, तर काय सांगू? पायरीवर?" मग नवऱ्याकडे वळून म्हणाली, "आणि तुम्ही काय खांबासारखे उभे? शेणी पेटवा बाहेर."

धोंडू खाली मान घालून शेणी आणायला गेला.

दुसऱ्या दिवशी पहाट उजळली तशी अनसाबाई निघाली. कुठं निघाली? तिलाच ठाऊक नव्हतं. वेशीशी गेली, तर वडाखाली ती बिनकाठाच्या लुगड्याची म्हातारी बसलेली. अनसाबाईनं पाय धरले.

"आजी, चुकले."

"कशात चुकलीस?"

"ओळ भरली."

"का भरलीस?"

"राणी हसली म्हणून..." म्हणता म्हणता ती अडखळली. हे अर्धंच खरं, तिच्या मनानं सांगितलं. मग म्हणाली, "मोकळी जागा मलाच बघवत नव्हती."

"आता बोललीस. उपाय सांगितला तर करशील? अर्ध्यात सोडशील? केल्याचा डांगोरा पिटशील?"

"करीन. सोडणार नाही. पिटणार नाही."

"मग ऐक. तू काढलंस, तूच काढून टाक. चिंचेनं जायचं नाही, कोयत्यानं जायचं नाही. जिभेनं चाटून काढ. पण एक वेल गेली, की तुझं एक अक्षर जाईल. हातातून जाईल आणि डोळ्यांतूनही जाईल. बावन्न वेली, बावन्न अक्षरं."

अनसाबाईनं विचारलं, "मग माझ्याजवळ उरेल काय?"

"ते मला नाही ठाऊक, बाई," म्हातारी म्हणाली. अनसाबाईनं डोळे पुसून वर पाहिलं, तर वडाखाली कोणी नव्हतं.

अनसाबाई घरी आली. चौकटीसमोर उभी राहिली. जीभ बाहेर काढली, आत घेतली. मनाशी म्हणाली, आपला काही भरवसा नाही. आज घरची वेल काढली, नात आत गेली, उबेत झोपली, तर उद्या शेजारच्या पायरीशी आपले पाय जातील का? एक अक्षर गेल्यावर दुसरं द्यायला जीव होईल का? नाही व्हायचा. आपण आपल्याला ओळखून आहोत. मग तिनं केवडाला सगळं सांगितलं.

"आपली चौकट शेवटी," ती म्हणाली.

केवडा तिच्याकडे बघतच राहिली. "किती दिवस?"

"पाच लागतील."

"शेजारचं घर मोकळं झालं, की तिला तिथं ठेवते."

"ओळ एक, माणूस एक, पोरी. त्यांची आजी बाहेर बसलीय."

"ती खोकतेय, आत्याबाई."

"ठाऊक आहे गं."

केवडाच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. मग ती म्हणाली, "जा. मग जा ना! इथं उभ्या राहून काय करताय? पळा."

अनसाबाई पळाली. पहिली चौकट तेल्याची. जीभ लावली. काजळ, डिंक, माती, कडूशार. वेल विरघळली आणि एक अक्षर गेलं. कोणतं? ठ गेला. अनसाबाईला वाटलं, ठ फारसा लागत नाही, गेला तर गेला. तेल्यानं आत्याला "ये" म्हटलं, आत्या गाठोडं घेऊन आत गेली. दुसऱ्या चौकटीला ढ गेला, तिसरीला ण गेला. कुंभाराच्या चौकटीला स गेला, तेव्हा मात्र ती तिथल्या पायरीवर बसून राहिली. स काढताना बोरू कसा वळायचा, ते बोटांना आठवेना. बोटं हवेत फिरली आणि थांबली. कुंभाराची आजी म्हणाली, "काय झालं गं?" अनसाबाई म्हणाली, "काही नाही. तुम्ही आत जा."

लोक गोळा झाले. तिची काळी जीभ, काळे ओठ, काळी हनुवटी पाहून मुलं भ्याली, बायकांनी तोंडाला पदर लावले. ही चौकटकरांची बाई, जिच्या गळ्यात राणीची माळ, ती चौकटी चाटत चाललीय! कोणाला खरं वाटेना.

राजवाड्यात गेली, तर राणी धावत आली. "अगं अगं, एवढी सुंदर वेल पुसतेस?"

अनसाबाईनं बोट बाहेर दाखवलं. पायरीवर दाई बसली होती, पांघरूण तोंडावर ओढून. राणीनं पंधरा दिवस तिकडे पाहिलंच नव्हतं. आता पाहिलं आणि मटकन खाली बसली. मग उठून स्वतःच्या हातानं भाकरी थापली, चुलीवर टाकली, हाताला चटके बसले. ती भाकरी ओळीखाली ठेवली आणि दाईला म्हणाली, "आई, ये गं."

पाटलाच्या चौकटीवरची वेल गेली. पाटील, पाटलीण, नातू, नवी सून, सगळे दारात आले. "बाबा, या," पाटील म्हणाला. "आजोबा, या ना," नातू म्हणाला. भिकाजीआजोबा पायरीवरून उठले. घोंगडी खांद्यावर टाकली.

"येतो. पण त्या दिवशी मी थट्टा केली, तेव्हा 'नको' कोणाच्या ओठांवर आलं होतं, ते मला आधी सांगा. एकाच्याही आलं असेल, तरी येतो."

कोणी बोललं नाही.

"खोटं सांगितलं असतंत, तरी चाललं असतं रे," आजोबा म्हणाले, आणि पायरी उतरून चालू लागले. पाटील चौकटीला डोकं टेकून उभा राहिला. ती ओळ तशीच मोकळी राहिली.

असे पाच दिवस गेले. एक्कावन्न वेली गेल्या, एक्कावन्न अक्षरं गेली. पाचव्या दिवशी दुपार कलताना अनसाबाई आपल्या दारी आली. पाहते तो काय? केवडा पायरीवर, मांडीवर बाळ, अंग तापलेलं, डोळे मिटलेले. आणि वाऱ्याच्या बाजूला भिकाजीआजोबा घोंगडी दोन्ही हातांनी ताणून आडोसा धरून उभे. धोंडू शेणी फुंकत होता.  अनसाबाईनं चौकटीला जीभ लावली. पानं गेली, फूल गेलं, पाखरू गेलं. शेवटचं अक्षर गेलं. ते कोणतं होतं, हेही तिला सांगता आलं नसतं.

केवडानं बाळ उचललं. उंबऱ्यापाशी आली. हात पुढे करायला भ्याली. डोळे मिटून म्हणाली, "ये गं बाय." आणि पाऊल टाकलं. केवडा आत गेली. हात आत गेले. बाळ आत गेलं. चुलीची ऊब अंगाला लागली, तसं दोन दिवस आवाज न केलेलं बाळ एकदम टाहो फोडून रडलं. ते रडणं ऐकून बाहेर बाया हसल्या, आत केवडा हसली, धोंडू दोन्ही हातांनी तोंड झाकून रडला.

मग नाव लिहायचं. अनसाबाईनं सवयीनं बोरू उचलला. शाईत बुडवला, चौकटीला टेकवला, आणि तशीच राहिली. काळा थेंब गळून खाली पडला. तिनं बोरू केवडापुढे धरला. केवडा शाई घोटायची, लिहिलेलं वाचायची, पण बोरू तिनं कधी धरला नव्हता.

"माझं वाकडं येईल, आत्याबाई."

"येऊ दे."

केवडानं जीभ दातांत धरून लिहिलं. एक अक्षर उंच, एक बुटकं. मुलीचं नाव गोजरा ठेवलं. खाली ओळ कोरी सोडली. हळदकुंकू वाहिलं, गरम भाकरी ठेवली, तीनदा म्हणाली, "कोण यायचं ते या." मग आजोबांकडे पाहून म्हणाली, "आजोबा, तुम्हांलाच म्हणतेय. बहिरे झालात का?" आजोबा म्हणाले, "थंडीनं कान बसलेत गं," आणि घोंगडी झटकून आत आले. केवडानं त्यांचंही नाव लिहिलं. खाली पुन्हा ओळ सोडली.

सगळे आत गेले. अनसाबाई बाहेरच उभी. चौकट जन्मभराच्या ओळखीची. पण आता त्यावर नुसत्या काळ्या रेघा, मुंग्या चढाव्यात तशा. कोणती रेघ कोण, काही कळेना. तिला वाटलं, घराघरची म्हातारी माणसं मी बाहेर बसवली. या चौकटीनं मला का ठेवावं? पाय उचलला आणि खाली ठेवला. नवरीसारखा अधांतरी राहिला तर? पुन्हा उचलला, पुन्हा ठेवला.

"केवडा," तिनं हाक मारली.  "यात मी आहे का गं?"

केवडा बाळाला घेऊन चौकटीशी आली. सासूचं बोट हातात धरलं आणि एकेका नावावर टेकवत वाचलं, "ही अनसाबाई. हा धोंडू. ही केवडा. ही गोजरा. हे भिकाजीआजोबा."

"पहिलीच मी?"

"पहिल्याच तुम्ही."

"पुन्हा वाच."

केवडानं पुन्हा वाचलं. अनसाबाईनं डोळे मिटले आणि सुनेच्या शब्दावर पाऊल आत टाकलं.

कोरीआई जशी अनसाबाईच्या नातीला पावली, तशी तुम्हां-आम्हां सगळ्यांच्या लेकरांना पावो. कोणाच्या घरचं जुनं माणूस पायरीवर न बसो, कोणाच्या घरी नवं माणूस उंबऱ्यावर न अडो. ही साठां ओळींची कहाणी पांचां ओळींत सांगितली, सहावी तिच्यासाठी सोडली, सुफळ झाली, संपूर्ण झाली.